पडद्यावरचा आकडा आणि प्रत्यक्ष लागणारा वार

या वेळी आलेले बहुतेक प्रश्न ॲक्शन आरपीजी खेळांतल्या (पात्र वाढवत लढायच्या व्हिडिओ गेममधल्या) डॅमेजबद्दल, म्हणजे वार किती लागतो याबद्दल आहेत आणि त्यातले निम्म्याहून अधिक ‘एल्डन रिंग’चे. अडचण जवळजवळ सगळ्यांची एकच दिसते: मेनूत आकडा मोठा दिसतो, पण बॉसची (मोठ्या शत्रूची) जीवाची पट्टी हलत नाही. एकसारखे प्रश्न एकत्र करून उत्तरं दिली आहेत.

प्रश्न : ‘एल्डन रिंग’मध्ये सामुराई घेऊन लेव्हल 68 ला पोचलो आहे. उचिगताना +6 आहे, डेक्स्टेरिटी 45 आणि व्हिगर 15. राजधानी लेंडेलमध्ये साधे शिपाईसुद्धा सात-आठ वार खातात आणि मी दोन वारांत मरतो. डेक्स अजून वाढवू का? (सांगली)

नको. डेक्सला (डेक्स्टेरिटी, म्हणजे चपळाई) एकही पॉइंट देऊ नका. तुमचं घोडं तलवारीपाशी अडलंय.

उचिगताना या तलवारीचा मूळ फिजिकल आकडा +0 ला (एकही अपग्रेड नसताना) 115 असतो आणि +25 ला 281. म्हणजे स्टॅटला (पात्राच्या गुणांना) हात न लावता प्रत्येक अपग्रेडमागे साडेसहाच्या आसपास अंक वाढतात, शिवाय स्केलिंगही (स्टॅटमुळे वाराला मिळणारी भर) सुधारतं. याउलट उचिगतानाचं डेक्स स्केलिंग सुरुवातीला ‘डी’ दर्जाचं असतं. +6 वर डेक्सची एक लेव्हल वाढवलीत तर हाताला जेमतेम एखादा अंक लागतो. त्या एका लेव्हलसाठी 68 वर तुम्हाला सुमारे साडेसत्तावीस हजार रून (खेळातलं चलन) मोजावे लागतात. सहा-सात अपग्रेडचं काम चाळीस लेव्हलनी होत नाही, असा हा हिशेब आहे.

+6 वरून +18 ला जायला स्मिदिंग स्टोनचे तिसऱ्यापासून सहाव्या दर्जापर्यंतचे दगड लागतात. प्रत्येक दर्जाचे 12 (तीन अपग्रेडना 2, 4 आणि 6), म्हणजे एकूण 48. हे वाटेत पडलेले गोळा करून पुरत नाहीत, विकतच घ्यावे लागतात. त्यासाठी बेल बेअरिंग हवं, म्हणजे दुकानात नवा माल उघडणारी वस्तू. पहिल्या आणि दुसऱ्या दर्जाचे दगड उघडणारं बेअरिंग राया लुकेरिया क्रिस्टल टनेलमधल्या क्रिस्टलियनला मारल्यावर मिळतं. तिसऱ्या-चौथ्या दर्जाचं मिळतं राजधानीबाहेरच्या सील्ड टनेलमध्ये. तुम्ही लेंडेलपर्यंत आला आहात, तेव्हा हे दुसरं तुमच्या अगदी शेजारी आहे. बेअरिंग राउंडटेबल होल्डमधल्या ट्विन मेडन हस्क्सना द्यायचं, की दुकानात दगड दिसू लागतात. आणि एक चूक अनेकांची होते: चर्च ऑफ एलेहमधल्या ऐरणीवर फक्त +3 पर्यंतच काम होतं. त्यापुढच्या कामासाठी राउंडटेबलच्या ह्यूग लोहाराकडे जा.

आता व्हिगर, म्हणजे जीव वाढवणारा स्टॅट. 15 ला तुमचा एचपी (जीव) 520 च्या घरात असतो, 25 ला 800, 40 ला 1450, 60 ला 1900 आणि 99 ला 2100. यात 25 ते 40 हा पट्टा सोन्यासारखा आहे, दर लेव्हलला त्रेचाळीसेक एचपी मिळतो. 60 नंतर मात्र लेव्हलमागे पाचच उरतात, तिथे थांबायचं.

नव्या लेव्हल विकत घेण्याइतके रून नसतील तर लार्व्हल टिअर वापरा. रेनाला या बॉसला हरवलं असेल तर तिच्याकडे एक टिअर देऊन सगळे पॉइंट नव्याने वाटता येतात. शस्त्राचे अपग्रेड त्यात जात नाहीत. डेक्स 45 वरून 25 करा आणि ते 20 पॉइंट व्हिगरला द्या. एचपी 520 वरून साधारण 1200 होतो आणि तलवारीतून गेले तर वीस-पंचवीस अंक जातात. तलवार +12 ला नेली की ते भरून निघतात आणि वर उरतातही.

हे झाल्यावर स्टॉर्मव्हेल कॅसलमधलं आयर्न व्हेटब्लेड घेतलंय का ते पाहा. त्याने तलवारीला ‘कीन’ धार लावता येते. मूळ आकडा थोडा उतरतो, डेक्सचं स्केलिंग चांगलंच चढतं. पण नुसतं व्हेटब्लेड जवळ असून भागत नाही. धार निवडायचा पर्याय ॲश ऑफ वॉर (शस्त्राला खास कौशल्य देणारी वस्तू) बसवतानाच समोर येतो. उचिगतानाचं स्वतःचं ‘अनशीथ’ कौशल्य तसंच ठेवलंत तर तो पर्याय येणारच नाही. एखादी ॲश बसवावीच लागते.

प्रश्न : माझ्या तलवारीला मॅजिक धार लावल्यावर मेनूत 600 दिसतात. मित्राच्या साध्या ‘हेवी’ तलवारीलाही 600 आहेत. पण त्याचा वार माझ्यापेक्षा जास्त लागतो. असं का? (नाशिक, असाच प्रश्न कोल्हापूर आणि पुण्याहूनही)

कारण तुमचे 600 हे दोन तुकडे आहेत आणि दोन्ही तुकड्यांना स्वतंत्र बचाव ओलांडावा लागतो.

‘एल्डन रिंग’मध्ये वाराची ताकद आणि समोरच्याचा बचाव यांच्या गुणोत्तरावरून डॅमेज ठरतं. ताकद बचावाच्या आठपट किंवा त्याहून जास्त असेल तर 90 टक्के लागतं, अडीचपट असेल तर 70 टक्के, बरोबरीत असेल तर फक्त 40 टक्के. मधले आकडे वक्राने जोडलेले आहेत. समजा बॉसचा बचाव दोन्ही प्रकारांत 120 आहे. मित्राचे 600 एकसंध आहेत, गुणोत्तर पाच येतं, 84 टक्के लागतं, म्हणजे 504. तुमचे 300 फिजिकल आणि 300 मॅजिक आहेत. प्रत्येकाचं गुणोत्तर अडीच, प्रत्येकी 70 टक्के, 210 अधिक 210 म्हणजे 420. मेनूतला आकडा तोच, पण प्रत्येक वारामागे 84 चा तोटा.

हा तोटा हलक्या, भराभर चालणाऱ्या शस्त्रांना जास्त जाणवतो, कारण त्यांचा प्रत्येक वार मुळात लहान असतो आणि बचाव मात्र दर वारामागे आडवा येतो. दोनशेच्या वाराचे शंभर-शंभर झाले की वाट लागते.

म्हणून दुहेरी धार वाईटच, असं नाही. बचावानंतर प्रत्येक शत्रूची प्रकारानुसार टक्क्यांची कपातही असते. समोरचा त्या प्रकारात कच्चा असेल तर तुमची तलवार मित्राच्या पुढे जाते. उलटही होतं: फायर जायंटवर आग चालत नाही आणि शेवटच्या लढाईत होली जवळपास वाया जातं. इंटेलिजन्स (जादूचा स्टॅट) खूप वाढवलेला असेल तरच मॅजिक धार ठेवा. शिवाय मॅजिक किंवा आगीची धार लावलेल्या शस्त्रावर वरून ग्रीस (काही वेळ जास्तीचं डॅमेज देणारा लेप) लावता येत नाही. हेवी, कीन आणि क्वालिटीवर लावता येतं. मित्राकडे ही जास्तीची सोयसुद्धा आहे.

प्रश्न : ग्रेटसोर्ड वापरायला स्ट्रेंग्थ 31 लागते, माझी 24 आहे. थांबू का? (मडगाव)

थांबायची गरज नाही. शस्त्र दोन्ही हातांत धरलं की स्ट्रेंग्थ दीडपट मोजली जाते. 24 चे 36 होतात आणि अट पूर्ण होते. खरं तर 21 लाही भागतं. दोन हातांत दोन वेगळी शस्त्रं घेतलीत तर मात्र हा दीडपटीचा फायदा मिळत नाही.

यातूनच मोठ्या शस्त्राच्या बिल्डचा (पात्राच्या घडणीचा) पुढचा टप्पा ठरतो, तो म्हणजे स्ट्रेंग्थ 54. दीडपट केली की 81 होते आणि 80 नंतर स्केलिंगचा चढ एकदम मंदावतो. 54 ला पोचलात की पुढचे पॉइंट व्हिगर आणि एन्ड्युरन्सला द्या. एन्ड्युरन्स का, तर त्याने वजन पेलायची क्षमता वाढते आणि ग्रेटसोर्डचं वजन 23 आहे. एकूण क्षमतेच्या 70 टक्क्यांना वजन टेकलं की लोळण (वार चुकवायची कोलांटी) जड होते. क्षमता 60 असेल तर अंगावरचं सगळं मिळून 42 च्या आत हवं. तलवारीचे 23 गेले की चिलखत, टॅलिस्मन (फायदा देणारे ताईत) आणि बाकी सगळ्याला उरतात 19 च्या आत. दुसऱ्या हातातली ढाल वापरत नसाल तर ती काढून ठेवा. नुसती अडकवलेली असली तरी तिचं वजन मोजलं जातं.

प्रश्न : बॉसच्या आधी ‘गोल्डन व्हाउ’, ‘फ्लेम, ग्रँट मी स्ट्रेंग्थ’ आणि एक्झाल्टेड फ्लेश असं सगळं घेतो. तरी हिशेबाइतका फरक पडत नाही. (पुणे)

तिसऱ्याने दुसऱ्याला पुसलं. ‘फ्लेम, ग्रँट मी स्ट्रेंग्थ’ आणि एक्झाल्टेड फ्लेश हे दोन्ही शरीरावरचे बफ (तात्पुरती ताकदवाढ) आहेत, त्यांची जागा एकच. नंतरचा आला की आधीचा जातो. ‘गोल्डन व्हाउ’ची जागा वेगळी आहे, त्यामुळे तो दोघांपैकी एकाबरोबर टिकतो.

जे वेगवेगळ्या जागांचे आहेत त्यांचा गुणाकार होतो. ‘गोल्डन व्हाउ’चे 15 टक्के, ‘फ्लेम’चे 20 टक्के आणि उडी मारून वार करत असाल तर क्लॉ टॅलिस्मनचे 15 टक्के: 1.15 गुणिले 1.20 गुणिले 1.15, म्हणजे जवळपास 1.59. चारशेचा वार 635 च्या आसपास जातो. उडीच्या वारावर भर असलेल्या बिल्डला एवढा मोठा फायदा दुसरीकडून क्वचित मिळतो. क्लॉ टॅलिस्मन स्टॉर्मव्हेलमध्येच आहे, लवकर उचलून ठेवा.

क्रमही महत्त्वाचा आहे. ‘गोल्डन व्हाउ’ 80 सेकंद टिकतो, ‘फ्लेम’ फक्त 30. आधी व्हाउ, मग बॉसच्या खोलीच्या धुक्याच्या दाराला अगदी चिकटून फ्लेम. उलट केलंत तर व्हाउ म्हणेपर्यंत आणि दारातून आत जाईपर्यंत फ्लेमचा बराचसा वेळ संपलेला असतो. मंत्राच्या व्हाउसाठी फेथ (श्रद्धेचा स्टॅट) 25 लागतो. तेवढा नसेल तर त्याच नावाची ॲश ऑफ वॉर आहे. तिचे 11.5 टक्के आणि 45 सेकंद आहेत, फेथची अट नाही. शुद्ध स्ट्रेंग्थच्या बिल्डने फेथमध्ये पॉइंट घालवण्यापेक्षा ती दुसऱ्या एखाद्या हलक्या शस्त्रावर बसवून घ्यावी.

प्रश्न : ‘मॉन्स्टर हंटर वर्ल्ड’मध्ये ग्रेट सोर्डचा आकडा 960 आणि ड्युअल ब्लेड्सचा 280. मग ड्युअल ब्लेड्स कोण कशाला वापरेल? (डोंबिवली)

दोन्ही सारखीच आहेत. या खेळात पडद्यावरचा आकडा शस्त्राच्या जातीप्रमाणे फुगवलेला असतो. ग्रेट सोर्डला 4.8 ने भागा, ड्युअल ब्लेड्सला 1.4 ने. दोन्हीकडे 200 च येतात. हातोड्याला 5.2 ने, लाँग सोर्डला 3.3 ने भागायचं. आकड्यांची तुलना एकाच जातीच्या शस्त्रांतच करा आणि तिथेही धारेचा रंग आधी पाहा. हिरव्या धारेला 1.05 पट, निळीला 1.2, पांढरीला 1.32. हिरव्यावरून निळ्यावर गेलं की 14 टक्के वाढतात. निळ्या धारेचं शस्त्र आकड्यात दहा टक्क्यांनी कमी असलं तरी तेच घ्या, पण धार टिकते तोवरच. निळी पट्टी अगदी बारीक असेल तर चार वारांत ती हिरवी होते आणि मग तुम्ही कमी आकड्याचं शस्त्र घेऊन उभे राहता.

प्रश्न : ‘पाथ ऑफ एक्झाइल’मध्ये कौशल्यांच्या झाडावर एकूण 260 टक्के ‘इन्क्रीज्ड’ डॅमेज आहे. बरंच चलन देऊन 40 टक्के ‘इन्क्रीज्ड’ असलेला नेकलेस घेतला. डॅमेज 40 टक्क्यांनी का वाढलं नाही? (बंगळुरू)

न्यूझीलंडच्या ग्राइंडिंग गिअर गेम्सचा हा खेळ शब्दांच्या बाबतीत फार काटेकोर आहे. ‘इन्क्रीज्ड’ लिहिलेलं सगळं आधी एकत्र बेरजेत जातं आणि मग एकदाच गुणलं जातं. ‘मोअर’ लिहिलेलं प्रत्येक वेगळं गुणलं जातं. तुमचा गुणक 3.6 होता, तो 4.0 झाला. म्हणजे खरी वाढ 11 टक्के. तेवढ्याच चलनात ‘30 टक्के मोअर’ देणारं सपोर्ट जेम मिळत असेल तर ते पूर्ण 30 टक्के देतं.

तलवारीवरच लिहिलेलं ‘इन्क्रीज्ड फिजिकल डॅमेज’ मात्र वेगळं. ते त्या तलवारीपुरतं असतं, तिचा पायाच वाढवतं आणि त्यानंतर झाडाचे टक्के लागतात. तलवारीचं सरासरी 60 असेल आणि तिच्यावर 150 टक्के असतील तर पाया 150 होतो. म्हणून पैसे आधी शस्त्रात घाला, दागिन्यांत नंतर. शस्त्र निवडताना सरासरी गुणिले दर सेकंदाचे वार, एवढा गुणाकार करा: 150 गुणिले 1.2 म्हणजे 180, 130 गुणिले 1.5 म्हणजे 195. दुसरी तलवार सरस ठरते.

क्रिटिकलचंही (अधूनमधून जास्त जोराने लागणाऱ्या वाराचं) तसंच. तलवारीचा मूळ चान्स 5 टक्के असेल तर ‘100 टक्के इन्क्रीज्ड’ने तो 10 होतो, 105 नाही. आणि चान्स वाढवताना मल्टिप्लायर (तो वार किती पट लागतो) विसरू नका. 30 टक्के चान्स आणि 150 टक्के मल्टिप्लायर असेल तर सरासरी वाढ 15 टक्के. चान्स 35 केला तर 17.5, पण मल्टिप्लायर 200 केला तर थेट 30.

नेकलेस परत विकता येत असेल तर विका आणि तो घालण्यासाठी एखादा रेझिस्टन्सचा (आग, थंडी, विजेपासून बचावाचा) दागिना काढला असेल तर परत घाला. कथेच्या पाचव्या आणि दहाव्या अंकानंतर (ॲक्टनंतर) सगळे एलिमेंटल रेझिस्टन्स प्रत्येकी 30 ने खाली येतात. आग, थंडी आणि वीज यांचे 75 टक्के भरलेले असले पाहिजेत. 75 चे 60 झाले तर अंगावर 25 ऐवजी 40 टक्के येतात, म्हणजे तीच आग तुम्हाला 60 टक्के जास्त भाजते. मेलेल्या पात्राचं डॅमेज शून्य असतं.