साउंड एडिटर आणि संगीतकार, दोन्ही होता येतं का?

तुमचा प्रश्न असा : बी.एस्सी. झालंय, पेटी बरी वाजते, सिनेमात साउंड एडिटिंग करावं की संगीत द्यावं, की दोन्ही जमतं?

जमतं. मी गेली बारा वर्षं दोन्ही करतोय. पण सुरुवात एडिटिंगपासून करा, आणि तीही डायलॉग एडिटिंगपासून, म्हणजे संवादांचा आवाज जोडण्यापासून.

एका प्रसंगाचे सहा टेक असतात, म्हणजे तोच प्रसंग सहा वेळा चित्रित केलेला असतो. एकात पंखा, एकात लांबून जाणारा टेम्पो, एकात शेजारचं कुत्रं. ते असे जोडायचे की प्रेक्षकाला शिवण दिसू नये. त्यासाठी शूटिंगच्या जागी सगळ्यांना गप्प उभं करून अर्धा मिनिट त्या खोलीची शांतता रेकॉर्ड करतात, तिला रूम टोन म्हणतात. घाईत ती घ्यायची राहिली, की एडिटरला दोन शब्दांमधल्या फटींतून शांतता वेचत बसावं लागतं. पहिली दोन वर्षं मी जवळपास हेच केलं. कान तिथे तयार झाला.

त्याचा संगीताला काय उपयोग, ते सांगतो. एका मराठी चित्रपटाचं साउंड एडिटिंगही माझं होतं आणि पार्श्वसंगीतही. आई एकटीच स्वयंपाकघरात भाकरी थापतेय. मी खाली तानपुरा ठेवला, पांढरी पाचमध्ये, म्हणजे पेटीची पाचवी पांढरी पट्टी सा धरून. ऐकलं तर तो सेकंदाला दोनदा हेलकावे खात होता. तानपुरा सुरात होता; प्रसंगाच्या आवाजात मागे फ्रिज चालू होता! आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला ५० आवर्तनांची; फ्रिजची घरघर त्याच्या दुप्पट, १००. पांढरी पाचचा खर्ज, म्हणजे खालचा सा, ९८. इतके जवळचे दोन सूर एकत्र वाजले, की फरकाइतके हेलकावे येतात; फरक दोनाचा, म्हणून हेलकावे दोन. घरघर काढून टाकता आली असती, पण त्या घराला ती हवी होती. मग तानपुराच किंचित चढवून फ्रिजशी मिळवला. प्रसंगाच्या शेवटी फ्रिज बंद पडतो तिथेच तानपुराही थांबवला, आणि नुसती भाकरीची थाप उरली. आजवरच्या माझ्या कामात मला सगळ्यात आवडणारी ती जागा आहे. मी नुसता संगीतकार असतो, तर तो फ्रिज मला ऐकूच आला नसता.

शिकायचं कुठे? पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट संस्थेत आणि कोलकात्याच्या सत्यजित रे चित्रपट संस्थेत ध्वनीचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. प्रवेश परीक्षा कठीण असते, जरूर द्या. नाही जमलं तर मुंबईत एखाद्या एडिटरकडे असिस्टंट म्हणून लागा. प्रो टूल्स हे आवाजाच्या एडिटिंगचं सॉफ्टवेअर हाताखाली येतं, ट्रॅक लावता लावता बाकीचंही येतं. पेटी मात्र सोडू नका.

पैशाचं नीट समजून घ्या. एडिटरला कामाचे पैसे एकदाच मिळतात. संगीतकाराचं तसं नाही : २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेर संगीत वापरलं गेलं, तर रॉयल्टीतला त्याचा वाटा करारातही काढून घेता येत नाही. त्यासाठी आयपीआरएसचे, म्हणजे संगीतकार-गीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचे, सभासद व्हा. आणि एकाच चित्रपटात दोन्ही कामं करत असाल, तर दोन करार करा. पहिल्या चित्रपटाला मी एकाच कागदावर, एकाच रकमेवर सही केली. संगीत सगळ्यात शेवटी होतं, तोवर निर्मात्याकडचे पैसे संपलेले होते. एडिटिंगचे मिळाले, संगीताचे आजतागायत नाहीत.