वाचकांचे प्रश्न : बिल शून्य, मग पंखा बंद कशाला करायचा?

मुलांना स्वच्छ ऊर्जा घरच्या घरी कशी शिकवायची, या विषयावर आलेल्या पत्रांपैकी पाच इथे घेतली आहेत. बहुतेकांनी काही ना काही करून पाहिलं आहे आणि ते फसलं आहे. फसलेल्या प्रयोगाबद्दल उत्तर देणं सोपं जातं, म्हणून तीच पत्रं आधी निवडली.

कर्नाटक सरकारच्या गृहज्योती योजनेमुळे आमचं लाईट बिल शून्य येतं. सहावीतली लेक म्हणते, "फुकट आहे की, मग पंखा बंद कशाला करायचा?" तिला काय सांगू?
*– एक आई, वडगाव, बेळगाव*

आधी बिल तिच्याच हातात द्या. हेस्कॉमच्या, म्हणजे आपल्या वीज कंपनीच्या, बिलावर कन्नड असतं आणि आपली मुलं शाळेत कन्नड शिकतातच; आजीला बिल वाचून दाखवण्याचं काम तिच्याकडे सोपवा. 'हिंदिन' म्हणजे मागचं, 'इंदिन' म्हणजे आजचं, 'बळके' म्हणजे वापर. पहिल्या दोन शब्दांत फरक एका अक्षराचा, त्यामुळे मुलं हमखास उलटी वजाबाकी करतात. करू द्या, उत्तर उणे आलं की तिचं तिलाच कळेल.

आता 'फुकट'चं. गृहज्योतीत सगळ्यांना सरसकट 200 युनिट माफ नाहीत. 2022-23 सालातला तुमचा महिन्याचा सरासरी वापर आणि त्यावर 10 टक्के, एवढाच तुमचा वाटा (सरासरी 48 युनिटांपेक्षा कमी असेल तर 10 टक्क्यांऐवजी 10 युनिट). सरासरी 70 युनिट असेल तर 77 माफ. एखाद्या महिन्यात 90 जाळले तर वरच्या 13 युनिटांचे पैसे पडतात, आणि 200 ओलांडले की अख्खं बिल भरायचं.

पैशाचं झालं, पण युनिट म्हणजे काय हे तिला अजून दिसलेलं नाही. गोकाकचा धबधबा तिने पाहिला असेल. घटप्रभा तिथे सुमारे 52 मीटर खाली उडी घेते. त्या उडीतली सगळी ताकद पकडता आली, तरी एका युनिटासाठी 7,000 लिटर पाणी त्या कड्यावरून सोडावं लागेल. टर्बाइन आणि जनित्रातली घट धरली तर 8,000 च्या वर, म्हणजे 5,000 लिटरचा टँकर दीडपेक्षा जास्त वेळा. दोन किलोवॅटचा गीझर अर्धा तास चालला की एवढं पाणी गेलं.

मग मीटरसमोर उभं करा. हात लावायचा नाही, फक्त बघायचं. इलेक्ट्रॉनिक मीटरवर एक लाल दिवा लुकलुकतो आणि शेजारी 3200 किंवा 1600 असा आकडा छापलेला असतो. एका युनिटाला दिवा तितक्या वेळा लुकलुकतो. एका लुकलुकीपासून दुसरीपर्यंत किती सेकंद लागतात ते मोजा. मीटर 3200 चा असेल तर 1125 ला त्या सेकंदांनी भागा, 1600 चा असेल तर 2250 ला. येईल तो आकडा म्हणजे त्या क्षणी घरात चालू असलेले वॅट. 3200 च्या मीटरवर एकटा साधा पंखा (75 वॅट) चालू असेल तर दर 15 सेकंदांनी एक लुकलुक. नऊ वॅटचा एलईडी बल्ब दोन मिनिटं वाट बघायला लावतो. इस्त्रीला सेकंदभरच लागतो, आणि गीझर लावला की मोजताच येत नाही. त्या वेळी 20 लुकलुकींना लागलेले सेकंद घ्या आणि 20 ने भागा.

आकडे जुळत नसतील तर दोन गोष्टी तपासा. फ्रिजचा कॉम्प्रेसर मधूनच चालू होतो. आणि लाईट नुकतीच जाऊन आली असेल तर इन्व्हर्टर बॅटरी भरत असतो, तो एकटा काहीशे वॅट ओढतो. दोन्हींचं स्विच तेवढ्यापुरतं बंद ठेवा. सगळं बंद करूनही दिवा हळूहळू लुकलुकतच असेल तर चोर बहुधा सेट-टॉप बॉक्स. रिमोटने बंद केला तरी तो जवळपास 10 वॅट खातच राहतो, म्हणजे महिन्याला सात युनिट. ही चोरी मुलांना स्वतः पकडायला फार आवडते. पंख्याचं काय करायचं ते त्यानंतर ती ठरवेल.

पुठ्ठ्याच्या खोक्याचा सूर्यचूल केला. वरून काच, आतून चांदीचा कागद, आत स्टीलचा डबा. तीन तासांनी तांदूळ फक्त कोमट. चुकलं कुठं?
*– एक शिक्षक पालक, जांबोटी, ता. खानापूर*

पहिली चूक डबा. चकचकीत स्टील ऊन परतवतं. तुमच्याकडे चुलीवर काळं झालेलं पातेलं असेलच, तेच घ्या, फक्त काजळी घासू नका. पातळ ॲल्युमिनियम किंवा पत्र्याचं असेल तर उत्तम. झाकणही काळं हवं, कारण ऊन वरूनच येतं.

दुसरी शंका आम्हाला भिंतीची आहे. एकच खोकं वापरलं असेल तर उष्णता पुठ्ठ्यातून निघून जाते. दोन खोकी एकात एक अशी घ्या की चारही बाजूंनी आणि तळाशी 5 सेंटिमीटर जागा राहील. तिथे भाताचं तूस किंवा शेंगांची टरफलं भरा, खडखडीत वाळलेली. ओलसर तूस भरलं की काचेला आतून घाम येतो, आणि घाम आलेली काच बरंच ऊन बाहेरच ठेवते. थर्माकोल तापून आक्रसतो, तो आतल्या बाजूला नको. चांदीचा कागद फक्त आतल्या भिंतींना लावा. तळाला काळा रंगवलेला पत्रा ठेवा आणि रंगाचा वास जाईपर्यंत तो दोन दिवस रिकामाच उन्हात तापवा. काच 3 ते 4 मिलिमीटरची, कडा घासून घेतलेली, खाली सायकलच्या जुन्या ट्यूबची पट्टी. काच आणि खोक्यामधून आगपेटीची काडी शिरत असेल तर गरम हवाही तिथूनच निघून जाते.

वेळेचीही एक गंमत आहे. घड्याळाची वेळ देशभर एकच असली तरी बेळगाव त्या वेळेच्या रेखावृत्ताच्या पश्चिमेला सुमारे आठ अंशांवर आहे. म्हणून आपल्याकडे सूर्य डोक्यावर येतो तो बाराला नव्हे, साडेबाराच्या आसपास. अंगणात सरळ काठी रोवून दर दहा मिनिटांनी सावलीच्या टोकाला खडा ठेवायला सांगा. सर्वांत आखूड सावली कधी पडते ते मुलं शोधून काढतील. (मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात ती काठीखालीच गडप होते. तो दिवस चुकवू नका.) चूल साडेदहाला मांडा आणि दोनपर्यंत ठेवा. काचेमागे एक आरसा तिरका उभा करा आणि दर अर्ध्या तासाने तो असा फिरवा की त्याचा कवडसा पूर्ण काचेवर पडेल. आरशात थेट बघायचं नाही, हे मुलांना आधीच बजावा.

पहिल्याच दिवशी भात नको. वाटीत मेणबत्तीचा तुकडा ठेवून बघा. मेण साधारण 60 अंशांना वितळतं, म्हणजे तोच तुमचा थर्मामीटर. तासाभरात वितळलं नाही तर फट शोधा. वितळलं तर दुसऱ्या दिवशी शेंगदाणे, आणि मग अर्धी वाटी तांदळाला एक वाटी पाणी, दोन-अडीच तास. मध्ये झाकण उघडून बघितलं की वीस मिनिटं वाया गेली. हेच मुलांना सर्वांत अवघड जातं.

आणि जांबोटीत जून ते सप्टेंबर हा प्रयोग काढूच नका. फेब्रुवारी ते मे घ्या.

मुलाने 6 व्होल्टचं छोटं सोलर पॅनेल आणि खेळण्यातली मोटर जोडली. उन्हातही फिरत नाही. बोटाने ढकललं की थोडी फिरते.
*– एक वाचक, चिकोडी*

बोटाने ढकलल्यावर फिरते, म्हणजे जोडणी ठीक आहे. करंट कमी पडतो. तुमचं पॅनेल 100 मिलिअँपियरच्या आसपासचं असेल, आणि खेळण्यातल्या गाडीची मोटर सुरू होताना त्याच्या कितीतरी पट मागते. दुकानात 'सोलर मोटर' मागा, ती कमी करंटवर सुटते. किंवा तसंच दुसरं पॅनेल समांतर जोडा, अधिकला अधिक आणि उण्याला उणे. एकामागे एक जोडलीत तर व्होल्ट वाढतील, करंट तेवढाच राहील.

मोटर फिरायला लागली की पॅनेलवरची एकच पट्टी बोटाने झाका. पॅनेलचा छोटासा भाग झाकला, पण मोटर जवळजवळ थांबते, कारण पट्ट्या साखळीसारख्या एकामागे एक जोडलेल्या असतात. छपरावरच्या पॅनेलवर नारळाच्या एका झावळीची सावली का चालत नाही, ते यातून समजतं. ट्यूबलाइटखाली मोटर फिरणार नाही, खोलीतला उजेड उन्हाच्या शंभरावा हिस्साही नसतो.

घरी चार म्हशी आहेत. मुलांना गोबर गॅस बाटलीत करून दाखवता येतो का? एकदा केला, फुगा फुगलाच नाही.
*– एक शेतकरी, कागवाड*

येतो. दोन लिटरची बाटली, अर्धा किलो ताजं शेण, अर्धा लिटर पाणी. काडीकचरा काढून कालवा आणि बाटली निम्मीच भरा, फेस वर येतो. फुगा आधी दोन-तीनदा तोंडाने फुगवून सैल करा, मग बाटलीच्या तोंडावर चढवून चिकटपट्टी गुंडाळा. बाटलीला बूच कधीही लावू नका. गॅसला वाट नसेल तर बाटली फुटते.

न फुगण्याची कारणं ठरलेली. नळाच्या पाण्यातलं क्लोरीन जंतूंना मारतं, म्हणून पाणी रात्रभर उघड्या बादलीत ठेवा किंवा विहिरीचं घ्या. औषध चालू असलेल्या म्हशीचं शेण नको. थंडीत जंतू सुस्तावतात. डिसेंबर-जानेवारीत बाटली पोत्यात गुंडाळून चुलीजवळच्या उबेत ठेवा, पण आगीपासून लांब. गावात कुणाचं संयंत्र चालू असेल तर तिथली वाटीभर रबडी विरजणासारखी घाला, काम लवकर होतं. आणि फुगा फुगूनही दोन दिवसांत सुरकुततो, कारण रबरातून गॅस झिरपतो. साबणाचा फेस लावला की कुठून गळतंय ते दिसतं.

पहिल्या आठवड्यातल्या गॅसमध्ये कार्बन डायऑक्साइडच जास्त असतो, तो पेटत नाही. पुढचा पेटतो, म्हणून मुलांनी काडी लावून बघायची नाही. ज्योत दाखवायची तर चालू संयंत्राच्या शेगडीवर दाखवा. दोन घनमीटरच्या संयंत्राला रोज 50 किलो शेण आणि तेवढंच पाणी लागतं. चार म्हशींचं शेण किती भरतं, ते मुलांना आठवडाभर पाटीने मोजू द्या. गोठ्यातलं जेवढं गोळा होतं तेवढंच धरा, चरायला गेलेल्या वेळचं नाही.

छपरावर सोलर बसवलं. भर दुपारी लाईट गेली की सोलरही बंद. नातू म्हणतो, "आजोबा, तुम्हाला फसवलं."
*– एक आजोबा, निपाणी*

फसवलेलं नाही. तुमच्या सोलरचा इन्व्हर्टर हेस्कॉमच्या तारांना जोडलेला आहे. तारा मृत झाल्या की त्याने स्वतःही थांबायचं असतं, नाहीतर खांबावर चढलेल्या लाईनमनला तुमच्या छपराचा शॉक बसेल. नातवाला पुढच्या वेळी इन्व्हर्टरच्या पडद्यासमोर उभं करा. लाईट आल्यावरही तो लगेच सुरू होत नाही. तारा स्थिर आहेत याची खात्री करून काही मिनिटांनी सुरू होतो. किती मिनिटांनी, ते त्याला घड्याळ लावून मोजू द्या. लाईट गेल्यावरही वीज हवी असेल तर बॅटरीसह हायब्रिड इन्व्हर्टर लागतो, त्याचा खर्च वेगळा.

रोज संध्याकाळी पडद्यावरचे युनिट त्याने वहीत लिहावेत, शेजारी 'ऊन', 'ढग', 'पाऊस' असा एक शब्द. स्वच्छ दिवशी एका किलोवॅटला चारच्या आसपास युनिट येतात, जुलैतल्या भर पावसाच्या दिवशी त्याच्या निम्मेही येत नाहीत. वही उन्हाळ्यात सुरू केली तर ही घसरण त्याला स्वतःच्याच अक्षरात दिसेल. आणि "मग पावसात, रात्री वीज कुठून?" असं तो विचारेलच. तेव्हा गाळप हंगामात त्याला एखाद्या साखर कारखान्याची चिमणी दाखवा. उसाच्या चिपाडावर तिथे रात्रभर वीज तयार होत असते.