जुन्या फिल्मच्या डब्यातून व्हिनेगरसारखा वास येतोय, फिल्म वाचेल का?

बऱ्याचदा वाचते, पण वेळ घालवू नका, आणि आधी ते रीळ प्रोजेक्टरवर लावून बघायचा मोह टाळा. हा वास म्हणजे अ‍ॅसिटेट फिल्मचा बेस (ज्या प्लास्टिकच्या पट्टीवर चित्राचा थर असतो ती) सडतोय आणि त्यातून अ‍ॅसेटिक अ‍ॅसिड सुटतंय, वर तेच अ‍ॅसिड डब्यात कोंडलं की सडण्याचा वेग अजून वाढतो. फिल्म आकसते, कडक होते, कडेची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर नीट बसत नाहीत आणि मग ती फाटते. हातमोजे घालून थोडी उलगडून बघा, कडा लाटेसारख्या वळल्या असतील तर आकसणं सुरू झालंय.

तो डबा बाकीच्या फिल्मपासून लांब, थंड आणि कोरड्या जागी ठेवा, आर्द्रता 30 ते 50 टक्के असावी. थंडीने सडणं थांबत नाही, फक्त मंदावतं, म्हणून स्कॅनिंग लवकर करून घ्या आणि तेही दाते नसलेल्या स्कॅनरवरच. ओरखडे, डाग, थरथर हे नंतर कॉम्प्युटरवर बरंच काढता येतं, पण सोलून गेलेलं इमल्शन, म्हणजे चित्राचा थर, परत येत नाही. आणि प्लीज, ग्रेन (चित्रात दिसणारे बारीक कण) पुसून चेहरे मेणासारखे गुळगुळीत करू देऊ नका, चित्र त्या कणांचंच बनलेलं असतं! मूळ स्कॅन तसाच वेगळा ठेवा, फिल्मही टाकू नका.

1950 च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंतची 35 एमएम असेल तर ती नायट्रेट, म्हणजे जुन्या प्रकारच्या बेसची, असू शकते, ती भयंकर पेट घेते, अशी फिल्म घरात न ठेवता आधी फिल्म अर्काइव्हशी बोला.