वाक्याचा कर्ता

प्रिय विद्यार्थिनीस,

अनेक उत्तम आशीर्वाद.

वक्तृत्व स्पर्धेसाठी ‘नेतृत्व आणि नागरिकत्व’ हा विषय घेऊन तू अमेरिकी राष्ट्राध्यक्षांची जी बावीस अवतरणे वहीत उतरवून पाठवलीस, ती मी दोनदा वाचली. मेहनत दिसते आहे आणि तिचे मला मनापासून कौतुक वाटते. मात्र बावीसपैकी एकाही वाक्याखाली ते कोणत्या दिवशी, कोणासमोर आणि कोणत्या प्रसंगी लिहिले किंवा उच्चारले गेले याची नोंद नाही. प्रसंगापासून तोडलेले वाक्य कितीही गोड वाटले तरी त्याचे वजन कळत नाही, म्हणून हे सविस्तर पत्र लिहितो आहे.

आधी एक वाक्य वहीतून काढून टाक. लिंकन यांनी आपल्या मुलाच्या मुख्याध्यापकांना लिहिले असे सांगितले जाणारे पत्र आपल्याकडे कितीतरी शाळांच्या भिंतींवर लावलेले असते, आणि मी स्वतःही ते वर्षानुवर्षे मुलांना वाचून दाखवले आहे. त्यातील शिकवण चांगलीच आहे. परंतु लिंकन यांच्या संकलित लेखनात असे पत्र नाही आणि त्याचा मूळ कागदही मिळालेला नाही. व्यासपीठावर उभे राहून जे त्यांच्या नावावर खपवले जाते ते आपण पुन्हा खपवू नये, विशेषतः त्यांनी खरोखर लिहिलेली, त्याहून मोलाची पत्रे उपलब्ध असताना.

त्यांतले एक तुला देतो. १८६३ च्या ४ जुलै रोजी दक्षिणेच्या बंडखोर राज्यांचे मिसिसिपी नदीवरचे व्हिक्सबर्ग हे शहर लिंकन यांच्या बाजूचे सेनानी जनरल ग्रँट यांच्या हाती पडले आणि यादवी युद्धाचे पारडे फिरले. १३ जुलैला लिंकन यांनी ग्रँट यांना लिहिले की आपली प्रत्यक्ष भेट झाल्याचे मला आठवत नाही, पण तुम्ही देशाची जी सेवा केली तिची कृतज्ञ पोच म्हणून हे लिहीत आहे. एवढ्यावर पत्र संपवता आले असते. लिंकन पुढे लिहितात की तुम्ही नदीने खाली जाऊन जनरल बँक्स यांना मिळावे असे माझे मत होते, तुम्ही उत्तरेकडे वळलात तेव्हा ती चूक होत आहे अशी मला भीती वाटली, आणि आता मला व्यक्तिशः कबूल करायचे आहे की तुमचे बरोबर होते आणि माझे चुकले होते. हे कोणी विचारलेले नव्हते. मनातली शंका मनातच ठेवली असती तर ती कोणालाही कळली नसती. विजयाच्या दिवसांत, आपल्या हाताखालच्या आणि कधी न भेटलेल्या माणसाला देशाचा प्रमुख आपली चूक लिहून कळवतो, हे मला त्यांच्या पुष्कळ गाजलेल्या भाषणांइतकेच मोठे वाटते.

दुसरा कागद आयसेनहॉवर यांचा आहे. तो त्यांनी राष्ट्राध्यक्ष होण्याच्या साडेआठ वर्षे आधी, सेनापती असताना लिहिला. ५ जून १९४४ रोजी, म्हणजे दुसऱ्या महायुद्धात फ्रान्समधल्या नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर दोस्त राष्ट्रांचे सैन्य उतरण्याच्या आदल्या दिवशी, मोहीम फसलीच तर जाहीर करायचे निवेदन त्यांनी पेन्सिलीने एका लहान कागदावर लिहून ठेवले आणि पाकिटात घातले. मनावर ताण किती असेल ते त्या कागदावरच्या तारखेवरूनच कळते, कारण जूनच्या ऐवजी जुलै लिहिले गेले आहे. त्यातली खाडाखोड तू नीट पाहावीस असे मला वाटते. आधी लिहिलेल्या वाक्याचा अर्थ ‘सैन्य मागे घेण्यात आले आहे’ असा होता. तो खोडून त्यांनी ‘मी सैन्य मागे घेतले आहे’ असे केले. पुढे ‘ही मोहीम’ असे शब्द होते; तेही खोडून तिथे ‘हल्ला करण्याचा माझा निर्णय’ असे घातले. सैनिकांनी, वैमानिकांनी आणि नौदलाने शौर्याची व कर्तव्याची शर्थ केली, आणि या प्रयत्नात काही दोष असेलच तर तो एकट्या माझा आहे, असा शेवट करून ‘एकट्या माझा’ या शब्दांखाली त्यांनी रेघ ओढली. मोहीम यशस्वी झाली आणि कागद वापरण्याची वेळ आली नाही.

तुझे मराठी चांगले आहे, म्हणून तुला हे चटकन कळेल. ‘घेण्यात आले’, ‘करण्यात येईल’, ‘राहून गेले’ ही वाक्ये आपल्याकडे रोज कानावर पडतात आणि त्यांत कर्ता कुठेच सापडत नाही. मी तरुणपणी आमच्या वाचनालयाचा चिटणीस होतो. एका वर्षीच्या अहवालात मी लिहिले की वर्षाचा हिशेब वेळेत सादर होऊ शकला नाही. सभेत एक वृद्ध सभासद उठले आणि त्यांनी शांतपणे विचारले, ‘कोणी सादर केला नाही?’ मी उत्तर दिले, पण ते द्यायला मला जेवढा वेळ लागला तेवढा वेळ सभा गप्प बसून होती. त्या दिवसापासून मी कोणत्याही पुढाऱ्याचे वाक्य वाचताना आधी कर्ता शोधतो. ट्रुमन यांच्या टेबलावर एक छोटी पाटी असे आणि तिचा अर्थ असा होता की जबाबदारीची टोलवाटोलवी इथे थांबते. तुझ्या वहीत ती आहे, ती राहू दे.

नागरिकत्वाच्या भागात तू थिओडोर रूझवेल्ट यांचे रिंगणात उतरून लढणाऱ्या माणसाविषयीचे वाक्य घेतले आहेस. ते सगळेच घेतात. २३ एप्रिल १९१० रोजी पॅरिसमध्ये सोर्बोन येथे केलेल्या ज्या भाषणातून ते आले, त्याचा मूळ विषय प्रजासत्ताकातले नागरिकत्व हा होता, आणि देशाचे सामर्थ्य सामान्य नागरिक कसा आहे यावर ठरते हा त्यातला मुख्य मुद्दा होता. तो मुद्दा घे.

दुसऱ्या, म्हणजे फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्या शपथविधीच्या भाषणातल्या मात्र ‘भीती वाटावी अशी एकच गोष्ट आहे, ती म्हणजे भीती’ या वाक्यापाशी थांबू नकोस. त्यानंतर आठ दिवसांनी काय झाले ते पाहा. ४ मार्च १९३३ रोजी फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी शपथ घेतली तेव्हा लोक ठेवी काढण्यासाठी बँकांपुढे रांगा लावत होते आणि बँका एकामागून एक बुडत होत्या. त्यांनी देशभरातल्या बँका काही दिवस बंद ठेवल्या, आणि १२ मार्चच्या रविवारी रात्री ते रेडिओवर बोलले. त्यांनी बँकेचे साधे गणित समजावून सांगितले: तुम्ही ठेवलेला पैसा बँक तिजोरीत नुसता ठेवत नाही, तो कर्जात आणि रोख्यांत गुंतवते, म्हणून सगळेच एका दिवशी मागायला आले तर चांगल्या बँकेलाही तो देता येत नाही. गादीखाली पैसे ठेवण्यापेक्षा पुन्हा उघडलेल्या बँकेत ठेवणे अधिक सुरक्षित आहे, अफवांवर धावू नका, आणि हा प्रश्न जितका माझा आहे तितकाच तुमचाही आहे, असे त्यांनी सांगितले. दुसऱ्या दिवसापासून बँका उघडू लागल्या आणि लोक घरी नेलेले पैसे परत भरू लागले. श्रोत्याला शहाणा समजून सगळे कारण सांगायचे आणि मग त्याच्या वाट्याचे काम त्याच्याकडे मागायचे, हे नेतृत्व मला फार थोड्या ठिकाणी दिसले आहे.

केनेडी यांचे २० जानेवारी १९६१ चे वाक्य तुझ्या वहीत पहिल्याच पानावर आहे: देश तुमच्यासाठी काय करील हे विचारू नका, तुम्ही देशासाठी काय करू शकता हे विचारा. त्याच वर्षी १ मार्चला त्यांनी पीस कॉर्प्स ही स्वयंसेवकांची संस्था काढली. ते वाक्य ऐकून कोण उठले, हे सांगायचे असेल तर तुला लांब जायला नको. १९६६ साली जॉर्जिया राज्यातल्या प्लेन्स या खेड्यातल्या लिलियन कार्टर, वय वर्षे अडुसष्ट, पेशाने परिचारिका, पतीचे निधन झालेले, पीस कॉर्प्समधून मुंबईत आल्या आणि जवळपास दोन वर्षे त्यांनी विक्रोळीत सेवा केली. त्यांचा मुलगा जिमी पुढे राष्ट्राध्यक्ष झाला.

तो मुलगा १९८० ची निवडणूक हरला. १४ जानेवारी १९८१ च्या निरोपाच्या भाषणात त्याने सांगितले की आता मी या पदाची जबाबदारी खाली ठेवून, आपल्या लोकशाहीत राष्ट्राध्यक्षापेक्षा वरची असलेली एकमेव पदवी, नागरिक ही पदवी, पुन्हा धारण करणार आहे. हरलेल्या माणसाचे हे वाक्य निव्वळ शोभेचे ठरले असते. पण १९८६ पासून कार्टर यांच्या संस्थेने नारूच्या, म्हणजे पिण्याच्या पाण्यातून शरीरात शिरणाऱ्या कृमीच्या रोगाच्या, निर्मूलनाचे काम हाती घेतले. तुझ्या आजीला नारू माहीत असेल. पायऱ्यांच्या विहिरीत उतरून पाणी भरणाऱ्या आपल्याकडच्या गावांनीही तो रोग भोगला आहे, आणि भारत त्यातून २००० साली मुक्त ठरला. त्यावर लस नाही, औषध नाही. उपाय म्हणजे पाणी फडक्याने गाळून पिणे आणि रोग्याला पाण्यात उतरू न देणे. कार्टर यांच्या संस्थेची माणसे आफ्रिकेतल्या गावोगाव गाळण्याचे कापड घेऊन फिरली. १९८६ साली जगात या रोगाचे सुमारे ३५ लाख रुग्ण होते. अलीकडे वर्षाला पंधराच्या आसपास सापडतात. डिसेंबर २०२४ मध्ये शंभर वर्षांचे होऊन कार्टर गेले.

आता बावीसपैकी पाच वाक्ये ठेव. प्रत्येकाखाली तारीख, ठिकाण आणि ऐकणारे कोण होते ते लिही, आणि पुढच्या रविवारपर्यंत भाषणाचा पहिला मसुदा मला पाठव. त्यात तुझ्या स्वतःच्या वाक्यांमध्ये कुठे ‘करण्यात आले’ आढळले, तर मी तिथे तांबड्या शाईने खूण करून ठेवीन.

तुझा,
सर