सूरशंका : डावा हात भात्यावरून सुटतो तेव्हा

प्रश्न : माझे वय ५४ असून गावच्या भजनात मी वीसेक वर्षे पेटीची साथ करतो. मडगावच्या एका मित्राने आजोबांच्या काळातला उभा पियानो मला देऊ केला आहे. या वयात पियानो शिकता येईल का, पेटीची सवय उपयोगी पडेल की आड येईल, आणि हा पियानो घ्यावा की डिजिटल, हे कृपया सांगावे. – एक वाचक, फोंडा

उत्तर : वयाची चिंता सोडून द्यावी, तुम्हाला मैफल गाजवायची नाही, आणि सुरांचा कान तुमच्याकडे आहेच. खरा नवशिका आहे तो तुमचा डावा हात. वीस वर्षे त्याने केवळ भाता सांभाळला, आणि पियानोवर मात्र त्याला उजव्याच्या बरोबरीने वाजवायचे आहे. म्हणून सुरुवातीचे काही महिने रोजच्या सरावातली पहिली दहा मिनिटे एकट्या डाव्या हाताला द्यावीत. पांढरी एक, म्हणजे पाश्चात्त्यांचा सी, हा षड्ज धरून डाव्या करंगळीने सा, अनामिकेने रे असे करत अंगठ्याने प वाजवावा आणि तसेच परतावे. हे जमले की पाठ असलेल्या एखाद्या संथ अभंगाची चाल उजव्या हाताने वाजवताना डाव्याने प्रत्येक समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, फक्त सा द्यावा. ऐकायला सोपे वाटते, पण पहिल्या दिवशी चाल तरी अडखळेल किंवा सम तरी चुकेल.

दुसरी अडचण बोटांच्या वजनाची आहे. पेटीचा आवाज भात्यावर वाढतो, त्यामुळे पट्टी हळू दाबली काय किंवा जोरात, फरक पडत नाही. पियानोत पट्टी किती वेगाने खाली जाते त्यावर हातोडी तारेवर किती जोराने आदळणार हे ठरते, आणि आघात होताच हातोडी मागे फिरते; त्यानंतर पट्टी कितीही रेटली तरी तो सूर वाढत नाही, तो विरतच जातो. पेटीवादकाला हे विरणे सहन होत नाही, मग तो सूर लांबवणारे उजवे पेडल दाबून ठेवतो आणि सगळे सूर एकमेकांत कालवतो. पहिले दोन-तीन महिने पेडलला पाय लावू नये, असे मी आग्रहाने सांगेन. (मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर अखंड घसरत जाणे, तर पेटीवरही निघत नव्हती, त्यामुळे तिच्यासाठी हळहळण्याचे कारण नाही.)

पाश्चात्त्य स्वरलेखन शिकावे लागेल. तुमचा सा काळी चारवरही बसतो, मात्र पाच रेघांवरचे प्रत्येक चिन्ह एका ठरावीक पट्टीशी बांधलेले असते. चर्चच्या शाळेत सोल्फेज, म्हणजे स्वरलिपी पाहून सूर गाणे, शिकलेले कोणी वडीलधारे शेजारात असतील, तर त्यांच्याकडे तासभर बसावे. पणजीच्या कला अकादमीत हिंदुस्थानी आणि पाश्चात्त्य दोन्ही संगीत शिकवले जाते, तिथेही चौकशी करावी.

आता तुमच्या मित्राच्या पियानोविषयी. आपल्या पावसाळ्यात लाकूड फुगते, पट्ट्या अडकतात, तारा गंजतात आणि फेल्टला कसर लागते. फुकटचा पियानो म्हणूनच महाग पडू शकतो. तो आणण्यापूर्वी ८८ पैकी प्रत्येक पट्टी एकेक करून दाबून पाहावी आणि ती लगेच वर येते का हे पाहावे. ट्यूनरला मात्र एकच गोष्ट विचारावी : तारा गुंडाळलेल्या खुंट्या घट्ट आहेत का? त्या सैल असतील तर सूर लावून तो गेला की आठवड्याभरात पियानो पुन्हा उतरेल, आणि मग खऱ्या पियानोसारख्या जड पट्ट्यांचा डिजिटल पियानोच बरा. खुंट्या शाबूत असतील तर पियानो जरूर आणावा, पण पावसाचा मारा बसणाऱ्या बाहेरच्या भिंतीला टेकवून ठेवू नये.

प्रश्न : नऊ वर्षांच्या मुलीसाठी ६१ पट्ट्यांचा किबोर्ड पुरेल का? – एक पालक, म्हापसा

उत्तर : हळू आणि जोरात दाबल्यावर आवाजात फरक पडत असेल, तर पहिल्या वर्षाला पुरेल. फरक पडत नसेल तर तिची बोटे पेटीच्याच सवयीची होतील, आणि ती सवय मोडणे किती कठीण असते, ते वर लिहिलेच आहे.