आइसलँडचा प्रवास : दहा दिवसांत किती पाहावे?

प्रश्न : आम्ही पती-पत्नी दोघेही साठीच्या पुढचे असून, दहा दिवसांसाठी आइसलँडला जाण्याचा विचार करीत आहोत. संपूर्ण बेटाला वळसा घालणारा एक रस्ता आहे असे वाचनात आले. दहा दिवसांत ती प्रदक्षिणा पूर्ण करावी का? शिवाय तेथे राजवाडे, किल्ले किंवा प्राचीन देवळे नाहीत असे ऐकतो. मग त्या देशाची संस्कृती पाहायची तरी कोठे?

उत्तर : आपल्या दोन्ही प्रश्नांचे उत्तर एकमेकांत गुंतलेले आहे. आपण म्हणता तो ‘एक क्रमांकाचा रस्ता’ सुमारे 1,320 किलोमीटर लांबीचा आहे आणि येण्याजाण्याचे दिवस वजा केल्यावर हातात उरणाऱ्या सात-आठ दिवसांत तो पूर्ण करता येतो, यात शंका नाही. परंतु तसे केल्यास दिवसाचा मोठा भाग गाडीत जातो आणि प्रत्येक ठिकाणी छायाचित्र काढून निघण्यापुरताच वेळ मिळतो. माझे मत स्पष्ट आहे : प्रदक्षिणेचा मोह सोडावा, तीन रात्री राजधानी रेक्याविकमध्ये राहावे आणि उरलेले दिवस दक्षिण किनाऱ्याने योकुल्सारलोनच्या हिमसरोवरापर्यंत सावकाश जाऊन परत यावे.

असे सुचवण्यामागे अंतराइतकेच दुसरेही कारण आहे. या देशात इतिहास इमारतींत फारसा सापडत नाही, तो जमिनीवर सापडतो. आणि जमीन वाचायला वेळ लागतो. रेक्याविकजवळच्या थिंगवेत्लिर या दरीचेच उदाहरण घ्यावे. उत्तर अमेरिकेचे आणि युरेशियाचे भूपट्ट, म्हणजे पृथ्वीच्या कवचाचे प्रचंड तुकडे, वर्षाला सुमारे दोन सेंटिमीटर या गतीने एकमेकांपासून दूर सरकत आहेत, आणि त्या ओढीने जमीन दुभंगून खचल्यामुळे ही दरी तयार झाली आहे. याच दरीत इ. स. 930मध्ये बेटावरील वसाहतकारांनी ‘आल्थिंग’ ही आपली लोकसभा भरवली आणि 1798पर्यंत ती तेथेच भरत राहिली. आरंभीच्या काळात कायदे लिहिलेले नसत. कायदेवक्ता नावाचा अधिकारी ते मुखोद्गत ठेवी आणि दर वर्षी एक तृतीयांश भाग जमलेल्या लोकांना म्हणून दाखवी. इ. स. 1000च्या सुमारास ख्रिस्ती धर्म स्वीकारण्याचा निर्णय येथेच झाला आणि 17 जून 1944 रोजी प्रजासत्ताकाची घोषणाही येथेच झाली. पाहायला आहेत ते उभे कडे, गवत आणि पाणी. हा इतिहास ठाऊक नसेल तर पंधरा मिनिटांत माणूस पुढे निघतो. ठाऊक असेल तर अर्धा दिवसही अपुरा वाटतो.

दुसरे ठिकाण कोणत्याही सहल कंपनीच्या यादीत ठळक अक्षरांत नसते, आणि मला ते सर्वांत महत्त्वाचे वाटते. दक्षिण किनाऱ्यावरील वीक गावापासून पूर्वेकडे जाताना रस्ता कित्येक किलोमीटर शेवाळाने आच्छादलेल्या खडकांच्या मैदानातून जातो. हा लाकी या ज्वालामुखीच्या उद्रेकाचा लाव्हा आहे. 8 जून 1783 रोजी जमिनीला पडलेली भेग वाढत वाढत सुमारे 27 किलोमीटर लांब झाली आणि आठ महिने आग ओकत राहिली. लाव्हापेक्षा वायूंनी अधिक घात केला. फ्लोरिन गवतावर बसले, ते खाऊन देशातील निम्म्याहून अधिक गुरे मेली, आणि मागोमाग आलेल्या दुष्काळात लोकसंख्येचा पाचवा हिस्सा किंवा त्याहूनही अधिक नष्ट झाला. किर्क्युबायारक्लाउस्तुर या वस्तीचे धर्मोपदेशक योन स्टेइनग्रिमसोन यांनी 20 जुलैच्या रविवारी चर्चमध्ये प्रार्थना चालवली असताना लाव्हाचा प्रवाह वस्तीअलीकडेच थांबला, अशी नोंद आहे. लोक त्या प्रवचनाला आजही ‘अग्निप्रवचन’ म्हणतात. तेथे गाडी थांबवण्याच्या ठरलेल्या जागी उतरून थोडा वेळ उभे राहावे. मात्र शेवाळावर पाऊल ठेवू नये. ते अतिशय सावकाश वाढते, आणि एका पावलाची खूण अनेक वर्षे बुजत नाही.

रेक्याविकमधील एक दिवस हस्तलिखितांसाठी राखून ठेवावा, असा माझा आग्रह आहे. तेराव्या-चौदाव्या शतकांत, उर्वरित युरोपात विद्वान मंडळी प्रामुख्याने लॅटिनमध्ये लिहीत असताना, या बेटावरील लोकांनी आपल्या पूर्वजांच्या कथा, ज्यांना ‘सागा’ म्हणतात, स्वभाषेत वासरांच्या कातड्यावर लिहून काढल्या. पुढे देश डेन्मार्कच्या सत्तेखाली असताना त्यांतील बहुतेक मौल्यवान पोथ्या कोपनहेगनला गेल्या. 21 एप्रिल 1971 रोजी त्यांतील पहिल्या दोन पोथ्या डॅनिश नौदलाच्या जहाजाने परत आल्या तेव्हा त्यांच्या स्वागतासाठी बंदरावर मोठा जनसमुदाय लोटला होता. पोथ्यांसाठी असा जमाव जमणे, यातच त्या समाजाची ओळख आहे. भाषा इतकी कमी बदलली आहे की आजचा वाचक त्या कथा फारशा अडचणीशिवाय वाचू शकतो. नव्या वस्तूंनाही ते शक्यतो स्वतःचेच शब्द घडवतात : संगणकाला ‘तोल्वा’ म्हणतात, आणि त्यात ‘अंक’ व ‘भविष्य सांगणारी स्त्री’ हे दोन जुने शब्द एकत्र आले आहेत. जाण्यापूर्वी एखाद्या सागेचा अनुवाद जरूर वाचावा. त्यांतील शेते आणि नद्या आजही बहुधा त्याच नावांनी नकाशावर आहेत.

प्रश्न : कोणत्या महिन्यात जावे? उत्तर ध्रुवप्रकाश पाहण्याची फार इच्छा आहे, परंतु बर्फातून गाडी चालवण्याची भीती वाटते.

उत्तर : आपल्यासाठी सप्टेंबरचा पूर्वार्ध योग्य. जूनमध्ये रात्र काळोखी होतच नसल्याने ध्रुवप्रकाश दिसत नाही, तर डिसेंबरमध्ये रेक्याविकला जेमतेम चार तास दिवस असतो. सप्टेंबरमध्ये दोन्ही गोष्टी साधतात, आणि याच दिवसांत उन्हाळाभर डोंगरांत मोकळ्या चरणाऱ्या मेंढ्या गोळा करून मोठ्या गोलाकार कुंपणात आणतात व कानांवरील खुणा पाहून ज्याच्या त्याला देतात. या ‘रेत्तिर’ला सारे गाव लोटते. अर्थात आकाश ढगाळ राहिले तर ध्रुवप्रकाश दिसणार नाही, हे मनाशी धरूनच जावे.

प्रश्न : अलीकडे तेथे वारंवार उद्रेक होत असल्याच्या बातम्या येतात. जाणे सुरक्षित आहे का?

उत्तर : 2021पासूनचे उद्रेक नैऋत्येकडील रेक्यानेस द्वीपकल्पात झाले आहेत आणि ग्रिंडाविक हे गाव नोव्हेंबर 2023मध्ये रिकामे करावे लागले. तेथील हवामान खाते भूकंप आणि जमिनीचा फुगवटा यांवर सतत लक्ष ठेवून असते. ज्या भागात प्रवेश बंद असेल तेथे जाऊ नये, कारण लाव्हा दूर असला तरी विषारी वायू वाऱ्याबरोबर येतो. खरे सांगायचे तर प्रवाशाला अधिक धोका समुद्राचा आणि वाऱ्याचा आहे. रेनिसफियाराच्या काळ्या वाळूच्या किनाऱ्यावर एखादी लाट अचानक फार आतवर येते आणि तिने माणसे ओढून नेली आहेत. तेथे समुद्राकडे पाठ करू नये आणि धोक्याची सूचना लावलेली असेल तर पुढे जाऊच नये. गाडीचे दार उघडताना ते घट्ट धरून ठेवावे, कारण वाऱ्याने दार उलटे फिरते आणि भाड्याच्या गाडीच्या विम्यात हे नुकसान बहुधा धरलेले नसते. तातडीच्या मदतीचा क्रमांक 112 आहे.

प्रश्न : तेथील गरम पाण्याच्या तलावांत जावे का? महागडे असल्याचे ऐकले.

उत्तर : प्रसिद्ध झालेले काही तलाव महाग आहेत, परंतु जवळपास प्रत्येक गावात नगरपालिकेचा तलाव असतो आणि तो पुष्कळ स्वस्त असतो. गावकरी संध्याकाळी तेथेच भेटतात आणि गळ्यापर्यंत ऊन पाण्यात बसून राजकारणापासून हवेपर्यंत गप्पा मारतात. पाण्यात उतरण्यापूर्वी, स्त्रियांच्या व पुरुषांच्या वेगवेगळ्या स्नानगृहांत, पोहण्याचे कपडे न घालता साबण लावून स्नान करणे सर्वांना बंधनकारक आहे. पहिल्या दिवशी संकोच वाटेल. तेथे मात्र कोणी कोणाकडे पाहत नाही.