युद्ध कधी संपले, हे तिलाच विचार

प्रिय विद्यार्थिनीस,

अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र आणि सोबतची प्रश्नावली मिळाली. युद्धामुळे घर सुटलेल्या, देश बदललेल्या, माणसे गमावलेल्या वृद्ध स्त्रियांच्या मुलाखती घ्यायचे तू ठरवले आहेस आणि त्यासाठी ४२ प्रश्न तयार केले आहेस. मी ते दोनदा वाचले. प्रश्नांमागे अभ्यास दिसतो. पण त्यांतले ३५ प्रश्न एकाच दिवसाभोवती फिरतात. कोण आले, काय पाहिले, कसे निसटलात, बरोबर कोण होते. त्या दिवसानंतरच्या पन्नास-साठ वर्षांसाठी तू ७ प्रश्न ठेवले आहेस. हे प्रमाण उलटे व्हावे, एवढ्यासाठीच हे पत्र लिहीत आहे.

इतिहासाच्या पुस्तकात प्रत्येक युद्धाला दोन तारखा असतात, आरंभाची आणि शेवटाची. ज्या बाईसमोर तू बसणार आहेस तिच्या हिशेबात दुसरी तारीख एक तर नसते, नाही तर ती पुस्तकातल्या तारखेशी जुळत नाही. दुसरे महायुद्ध १९४५ मध्ये संपले. जपानी सैन्याने कोरिया, चीन, फिलिपीन्स आणि इतर देशांतल्या मुलींना व स्त्रियांना सैनिकांसाठी लैंगिक गुलामगिरीत ठेवले होते आणि त्यांना ‘कम्फर्ट विमेन’ असे गोंडस नाव दिले होते. त्यांच्यापैकी किम हाक-सुन ही कोरियन स्त्री स्वतःच्या नावानिशी जाहीरपणे बोलली ती १४ ऑगस्ट १९९१ रोजी, म्हणजे युद्ध संपल्यावर ४६ वर्षांनी. मधल्या काळात तिचे लग्न झाले, मुले झाली, नवरा गेला, मुलेही गेली. पत्रकारांनी तिला विचारले ते सैन्याच्या छावणीविषयी, आणि ते विचारणे आवश्यकही होते. पण ती ४६ वर्षे तुझ्या प्रश्नावलीत कुठे बसतील, हे एकदा कागदावर मांडून पाहा.

मी स्वतः या बाबतीत फार शहाणी होते असे समजू नकोस. अगदी सुरुवातीच्या एका मुलाखतीत मी एका आजींना पुन्हा पुन्हा त्या रात्रीकडे नेत होते आणि त्या पुन्हा पुन्हा एका पेटीकडे येत होत्या. सगळे कुटुंब निर्वासित होऊन एका खोलीत राहत होते, नवरा गेलेला होता, आणि स्वतःच्या दोन वस्तू ठेवायला त्यांना त्या घरात जागा नव्हती. पेटी सगळ्यांची एकच होती आणि तिची किल्ली मोठ्या जावेकडे असे. हे विषयांतर आहे असे वाटून, टेप वाचवण्यासाठी, मी यंत्र बंद केले. वर्षभराने त्या मुलाखतीचे लेखन करताना माझ्या लक्षात आले की बाकीचे जे काही त्यांनी मला सांगितले होते ते थोड्याफार फरकाने इतर दहा जणींनीही सांगितले होते. पेटीचे मात्र कोणीच सांगितले नव्हते. त्यांच्या लेखी घर सुटणे म्हणजे ती किल्ली होती. तोपर्यंत आजी राहिल्या नव्हत्या. टेप वाचली, एवढेच.

तेव्हा तिने जिथे रेंगाळावे तिथे तूही रेंगाळ. ‘मग काय झाले?’ आणि ‘त्यानंतर घरात कोण कोण होते?’ या दोन साध्या प्रश्नांनी जे मिळते ते मोठमोठ्या प्रश्नांनी मिळत नाही. मुलाखतीच्या वेळी मुलगा किंवा सून खोलीत असेल तर उत्तरे तेच देऊ लागतात. त्यांच्याशी वाद घालू नकोस, पण दुसऱ्या भेटीची वेळ ते घरी नसतील अशी ठरव.

आता तू म्हणशील की बाई, अत्याचाराविषयी विचारायचेच नाही का? तसे माझे म्हणणे नाही. न विचारण्यानेही माणसाची साक्ष पुसली जाते. रवांडातील १९९४ च्या वंशसंहारानंतर आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणापुढे ज्याँ-पॉल अकायेसू या माजी नगरप्रमुखावर खटला चालला. त्याच्यावरच्या मूळ आरोपपत्रात लैंगिक अत्याचाराचा एकही आरोप नव्हता. जानेवारी १९९७ मध्ये एक स्त्री दुसऱ्याच घटनांविषयी साक्ष देत असताना आपल्या सहा वर्षांच्या मुलीवर झालेल्या बलात्काराविषयी बोलली, आणि आधीच्या तपासात हे कोणी विचारलेच नव्हते, असेही तिने सांगितले. खंडपीठावर नवनीतम पिल्ले या एकमेव स्त्री न्यायाधीश होत्या. न्यायाधीशांनी तो धागा सोडला नाही, आरोपपत्रात दुरुस्ती झाली, आणि २ सप्टेंबर १९९८ च्या निकालात बलात्कार हे वंशसंहाराचे कृत्य ठरू शकते, हे एका आंतरराष्ट्रीय न्यायालयाने पहिल्यांदा मान्य केले. ती स्त्री जे बोलली ते तिला बोलायला अवकाश मिळाला म्हणून बोलली. तू असा अवकाश ठेव, त्यात काय भरायचे ते ती ठरवील. तिने दार लावून घेतले तर ते ठोठावू नकोस; तू काही न्यायालय नाहीस, आणि तिची साक्ष अपुरी राहिली म्हणून कोणी गुन्हेगार सुटणार नाही.

दुसरी गोष्ट क्रियापदांची. मुलाखतीचे लेखन झाले की एकदा केवळ क्रियापदे वाचत जा. ‘मला आणले’, ‘मला ठेवले’, ‘मला दिले’, ‘मला पाठवले’ अशी वाक्ये पानेच्या पाने येतील, आणि मध्येच कुठेतरी ‘मी निघाले’ किंवा ‘मी नाही म्हटले’ असे एक वाक्य येईल. त्या वाक्यापाशी परत जाऊन विचारायचे असते.

या कर्मणी आयुष्याचा सर्वांत ठळक सरकारी पुरावा आपल्याच फाळणीत आहे. १९४७ मध्ये दोन्ही बाजूंनी हजारो स्त्रिया पळवल्या गेल्या, आणि त्यांना शोधून आपापल्या देशात परत पाठवण्याचा करार दोन्ही सरकारांनी त्याच वर्षी केला. भारताने १९४९ मध्ये त्यासाठी जो कायदा केला, त्यात ‘अपहृत व्यक्ती’ची व्याख्या सोळा वर्षांखालील मुलगा किंवा कोणत्याही वयाची स्त्री अशी होती. चाळीस वर्षांची बाई आणि दहा वर्षांचा पोरगा कायद्याने एका ओळीत बसवले. तिला परत जायचे आहे की नाही, हे विचारण्याची सोय त्या कायद्यात नव्हती. तोपर्यंत कित्येकींना मुले झाली होती, काहींना मागचे घर आपल्याला पुन्हा स्वीकारील याची खात्री नव्हती. या कामात असलेल्या रामेश्वरी नेहरूंनी सक्तीला विरोध केला आणि त्या बाजूला झाल्या; मृदुला साराभाईंनी मात्र ते काम हिरिरीने पुढे नेले. दोघींचाही हेतू चांगला होता, असे मी मानते, आणि म्हणूनच हे प्रकरण मला आजही अस्वस्थ करते. या साऱ्या मोहिमेला सरकारी भाषेत ‘रिकव्हरी’ म्हणत. आपल्याकडे हा शब्द थकीत कर्जासाठी वापरतात. एखादी आजी ‘मला परत आणले’ असे म्हणाली तर ‘परत’ हा शब्द तिचा की दुसऱ्या कोणाचा, हे हळूच विचारून बघ.

मृत्यूपेक्षाही ज्याला उत्तर नसते ते बेपत्ता होणे. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर सदाशिवरावभाऊ पडले. त्यांच्या पत्नी पार्वतीबाई त्या मोहिमेत बरोबर होत्या आणि तिथून जीव वाचवून परत आल्या. नवरा गेला, हे त्यांनी शेवटपर्यंत मानले नाही. वैधव्य स्वीकारले नाही. आपण शाळेत हे श्रद्धेची किंवा भ्रमाची गोष्ट म्हणून ऐकतो. पुढे आपणच भाऊ आहोत असे सांगत एक तोतया उभा राहिला, आणि १७७६ मध्ये त्याने कोकणात बंडही केले. पंधरा वर्षांनंतरही त्याच्यामागे जायला माणसे तयार होती. म्हणजे ती अनिश्चितता एकट्या पार्वतीबाईंच्या मनात नव्हती, सगळ्या मुलखात होती. पॉलीन बॉस या अमेरिकन अभ्यासक स्त्रीने व्हिएतनाम युद्धात बेपत्ता झालेल्या सैनिकांच्या कुटुंबांचा अभ्यास केला आणि या अवस्थेला एक नाव दिले. मी त्याला मराठीत ‘अनिर्णित वियोग’ म्हणते. काश्मीरमध्ये बेपत्ता पुरुषांच्या बायकांना ‘अर्धविधवा’ म्हणतात. भारतातल्या पुराव्याविषयीच्या कायद्याने सात वर्षे खबर नसलेला माणूस मृत धरता येतो, पण त्या सात वर्षांत बँकेतले पैसे, जमिनीचा उतारा, मुलांची कागदपत्रे, पुनर्विवाह हे सगळे अधांतरी राहते. अशा बाईला ‘तुमचे यजमान कधी वारले?’ असा प्रश्न तुझ्या यादीत २३ व्या क्रमांकावर आहे. तो काढून टाक.

बोस्नियातल्या स्रेब्रेनित्सा इथे जुलै १९९५ मध्ये आठ हजारांहून अधिक पुरुष आणि मुलगे मारले गेले. गुन्हा लपवण्यासाठी नंतर यंत्रांनी सामूहिक कबरी उकरून प्रेते दुसरीकडे नेली गेली, आणि त्यामुळे एकाच माणसाची हाडे वेगवेगळ्या खड्ड्यांत सापडली. डीएनए चाचणीने ओळख पटली की आईला किंवा पत्नीला कळवले जाते, आणि तिच्यापुढे एक प्रश्न येतो: सापडले आहे तेवढेच आता पुरायचे की आणखी सापडण्याची वाट पाहायची. काहींनी पुरले आणि नंतर उरलेले सापडल्यावर कबर पुन्हा उघडली. दर वर्षी ११ जुलैला तिथे नव्याने ओळख पटलेल्यांचे दफन होते. ज्या आयांनी हा निर्णय घेतला, त्यांच्यासाठी ते युद्ध १९९५ च्या शांतता कराराने संपले, असे कोण म्हणेल?

स्थलांतरात वियोगाचे रूपांतर कागदात होते. आजही वीसहून अधिक देशांत आईला आपले नागरिकत्व मुलांना पुरुषाच्या बरोबरीने देता येत नाही. सीरियाचा कायदा तसाच आहे, त्यामुळे निर्वासित अवस्थेत मूल जन्मले, बाप मारला गेला किंवा बेपत्ता झाला आणि लग्नाचा दाखला मागे राहिला, तर त्या मुलाला कोणताच देश नसण्याची वेळ येते. म्हणून कागदांविषयी आवर्जून विचार: कोणता कागद बरोबर घेतला, तो कुठे शिवला होता, कोणाच्या नावावर होता. पुरुष लढाया सांगतात त्या तपशिलाने बायका कागद सांगतात.

एक सावधगिरी मात्र उलट बाजूची. तुझ्या प्रश्नांना दुःखाचीच अपेक्षा आहे असे समोरच्या बाईला वाटले तर ती तुला दुःखच देईल. मलायातल्या रबराच्या मळ्यांवर राबणाऱ्या तमिळ कुटुंबांतल्या कितीतरी मुली १९४३ मध्ये आझाद हिंद सेनेच्या झाशी राणी पथकात दाखल झाल्या. ज्या देशासाठी त्या बंदूक हाती घेत होत्या तो त्यांतल्या अनेकींनी कधी पाहिलाही नव्हता. मळ्याच्या फाटकाबाहेर पडायची वाट त्यांना युद्धाने दाखवली. सोव्हिएत सैन्यात सुमारे आठ लाख स्त्रिया होत्या, आणि घरी परतल्यावर त्यांतल्या अनेकींनी आघाडीवरच्या दिवसांविषयी तोंड उघडले नाही, कारण लोक नको ते बोलत. युद्धातली वर्षे आपल्या आयुष्यातली सर्वांत मोकळी वर्षे होती, असे कोणी सांगितले तर ते तुझ्या प्रबंधात बसत नाही म्हणून गाळू नकोस. तिला ते बोलायची लाज वाटत असेल, हे गृहीत धरून ऐक.

नावांविषयी तू विचारले आहेस. नाव बदलणे पुरेसे नसते. गाव, मुलांची संख्या आणि नवऱ्याचा धंदा एकत्र आले की शेजारी ओळखतात. लेखन पूर्ण झाल्यावर ते तिला वाचून दाखव, आणि ती जे काढ म्हणेल ते काढ, मग ते पान तुझ्या सबंध अभ्यासातले सर्वांत चांगले असले तरी. मी तसे एक पान काढले आहे, आणि अजून ते मला तोंडपाठ आहे.

पहिल्या मुलाखतीचे टिपण मला पाठव. नीट लिहिलेले नको. मध्ये कोण आले, चहा कोणी ठेवला, ती कुठे उठून गेली आणि तू कोणता प्रश्न विचारायचा टाळलास, हे सगळे असलेले पाठव. आणि जाताना रिकाम्या टेप भरपूर ने, किंवा आता जे काही वापरतात ते.

तुझी,
बाई